जिवंत बाईचं पत्रक

आमच्या चित्रपट मंडळाची एक पद्धत आहे. सिनेमा सुरू होण्याआधी दारात एकपानी पत्रक वाटायचं. त्या रविवारी स्वीडिश सिनेमा होता आणि त्यातल्या मुख्य नटीवरचं पत्रक माझ्याकडे आलं. मंडळ चालवणाऱ्या सरांनी नमुना म्हणून चार ओळी पाठवल्या. दिग्दर्शकाला ती कुठं सापडली, आणि मग तिची लग्नं कुणाकुणाशी झाली. माझं डोकंच फिरलं. बाई काय रस्त्यात पडली होती, सापडायला?

आठवडाभर मोबाईलवर तिच्या इंग्रजी मुलाखती वाचल्या. नाट्यशाळेतून बाहेर पडून ही बाई हिवाळाभर रंगमंचावर उभी राहायची. उन्हाळ्यात तिकडं नाट्यगृहं बंद, तेव्हा सिनेमे करायची. म्हणजे पडद्यावरच्या तिच्या ज्या डोळ्यांवर लोक पानंच्या पानं लिहितात, ते तिचं सुट्टीतलं काम! तरुण नायिकांच्या भूमिका मिळेनाशा झाल्यावर तिनं स्वतः नाटकं बसवली. हे सगळं मी लिहिलं. दिग्दर्शकाला एक वाक्य दिलं, लग्नांना एकही नाही.

गारखेड्यातले डीटीपीवाले भाई माझी सगळी पत्रकं संगणकावर जुळवून छापून देतात. मोर्चाची, धरण्याची, आणि सगळ्यात जास्त अभिवादनाची. छापून आलेला गठ्ठा उचलून मी थेट हॉलवर गेले. सरांनी एक प्रत घेतली, चष्मा कपाळावर चढवला.

"अगं, ही बाई जिवंत आहे."

वर ठळक अक्षरात 'विनम्र अभिवादन'. भोवती काळी चौकट. मी भाईंना फोन लावला.

"ताई, प्रूफ बघून ओके तुम्हीच बोलल्या ना! जिंदा बाईचं पत्रक पहिल्यांदाच आणलं तुम्ही. मेरेकू क्या मालूम?"

त्यांचं काहीच चुकलं नव्हतं. प्रूफ मीच पाहिलं होतं आणि मला काही खटकलंच नव्हतं. आपल्याकडं बाईच्या कामाची आठवण फोटोला हार घातल्यावरच निघते. त्यावर मी भाषणं ठोकलीत, आणि तीच खोड माझ्या हाडात मुरलेली. भयंकर लाज वाटली.

"गठ्ठा राहू दे," सर म्हणाले. "मीच दोन मिनिटं बोलतो तिच्यावर."

म्हणजे पुन्हा ते सापडणं, पुन्हा ते नवरे.

"नाय सर. मी बोलते."

"हे चुकीचं पत्रक घेऊन?"

"व्हय. हेच घेऊन."

दारात उभी राहून एकेकाच्या हातात पत्रक दिलं. एक काकू थबकल्या. "अरेरे, कधी गेल्या बाई?"

"गेल्या नाहीत काकू. माझी चूक झाली."

"जितेपणीच मारलं व्हय गं तिला!"

मागची रांग खदखदून हसली. मी तशीच पडद्यापुढं गेले. म्हटलं, "वरचं अभिवादन आणि काळी चौकट चूक आहे, आणि ती माझी आहे. बाई जिवंत आहेत. आतलं सगळं खरं आहे." आणि पहिल्या ओळीपासून वाचायला लागले. आधी हशा होता. उन्हाळ्याच्या सुट्टीतल्या सिनेमांपाशी आले तेव्हा हॉल ऐकत होता. शेवटचं वाक्य वाचूनच खाली उतरले.

सर जवळ आले. "नवऱ्यांचा उल्लेख राहिला तुझा."

"राहिला नाही सर. गाळला."

सिनेमासाठी दिवे मालवले. उशिरा आलेले चौघं-पाचजण दारात चाचपडत होते. त्यांना अजून पत्रक मिळालं नव्हतं आणि चूकही सांगायची होती. उरलेला गठ्ठा घेऊन मी तिकडं गेले.