काजळी नावाची मेंढी

या ग्रुपवरचे अनुभव मी बरेच दिवस वाचतोय, पण खरं सांगायचं तर वेळ जावा म्हणून. यातल्या कशावरच माझा विश्वास नव्हता. धंदाच तसा आहे... वडीगोद्रीला हायवेला लागून माझं बी-बियाणं आणि खताचं दुकान आहे. बी उगवलं तर उगवलं, नाही उगवलं तर पिशवीवरचा लॉट नंबर बघून कंपनीला फोन. कुणी म्हणालं शेताला नजर लागली, तर मी म्हणायचो, आधी माती तपासून आण. तरी आज लिहायला बसलोय. कारण हे माझ्यासोबत घडलं आणि ज्यानं ते डोळ्यांनी बघितलं तो माझ्यापेक्षाही कमी देवभोळा माणूस आहे.

थोडं घरचं सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. आम्ही मूळचे मेंढके, मेंढरंवाले. दिवाळी झाली की माझे वडील मेंढरं घेऊन गोदाकाठानं निघायचे ते पावसाच्या तोंडावर परत. माय सोबत, आजी-आजोबा सोबत, चुलता सोबत. घोड्यावर बिऱ्हाड, जिथं मोकळं रान मिळेल तिथं तळ. मी मायच्या पोटात असताना शहागडजवळ मेंढरं रस्त्यापार नेताना ट्रकनं वडिलांना उडवलं. माय तेव्हा विशीतली सुद्धा नसेल. पुढं मेंढरं विकली, चुलत्यानं गावात थोडी जमीन केली, आणि त्या घरात मी वाढलो.

वडिलांचा एकच फोटो आहे, जत्रेत पडद्यासमोर उभं राहून काढलेला. त्यातही फेट्याची सावली तोंडावर पडलीय. आवाज वगैरे तर कुठं असणार.

माय त्यांच्याबद्दल बोलत नाही. मी कॉलेजात असताना एकदा, जेवण वाढता वाढता म्हणाली, "तोंड ध्यानात हाय रे. पर आवाज गेला त्येंचा. लय आठवून बघते, येतच न्हाई." विळा कुठं ठेवला ते आठवत नाही म्हणावं, इतक्या साध्या आवाजात.  मी भाजी मागितली.

आता मुद्द्यावर येतो. मागच्या हिवाळ्यात कंपनीनं आम्हा डीलर लोकांची थायलंडची टूर काढली. मंठ्याचा दत्ता माझ्या रूममध्ये होता. त्याचंही दुकान आहे, आमची दोस्ती कंपनीच्या मीटिंगांमधली. शेवटचा दिवस मोकळा होता. बाकी मंडळी मॉलमध्ये गेली. दत्ताला मात्र वाघ गोंदवून घ्यायचा होता. तिकडं काही देवळांत भिक्खू मंत्र म्हणत गोंदतात, ते त्यानं मोबाईलवर बघितलं होतं.

आमच्या गाईडचं नाव लेक. थाई बाई, पण टुरिस्ट लोकांकडून हिंदी शिकलेली. तिच्या नावाचा आमच्याकडं काय अर्थ होतो ते सांगितल्यापासून ती आम्हाला "पापा" म्हणायची. ती दत्ताला म्हणाली, "पापा, ये फॅशन नहीं है. मंत्र है. सोच लो."

मला का घ्यावंसं वाटलं ते नीट सांगता येत नाही. मायच्या हातावर गोंदण आहे... लहानपणी मी त्यावरून बोट फिरवत झोपायचो. तेच डोक्यात असेल. मी म्हणालो, मी पण येतो.

बँकॉकच्या बाहेर, भाताच्या खाचरांमधून गाडी गेली. देऊळ मोठं, पण गोंदायची जागा म्हणजे साधा हॉल. फरशीवर माणसं बसलेली, वर पंखे, उदबत्तीचा धूर. आम्ही फुलं-उदबत्त्यांचं ताट भिक्खूंपुढं ठेवलं. भिक्खू म्हातारे, जाड चष्मा. हातात हातभर लांब लोखंडी सळई, टोकाला सुई. मशीन नाही. सळई टोचत जायची, बस्स. ज्याची पाळी असेल त्याची कातडी मागच्या माणसानं दोन्ही हातांनी ताणून धरायची, अशी तिथली रीत.

पाळायचे नियमही होते. लेकनं सांगितले — दुधीभोपळा खायचा नाही, आईवरून शिवी द्यायची नाही. आपल्या आईवरून नाही आणि दुसऱ्याच्याही नाही. दत्ता म्हणाला, "मंग मंठ्यात धंदा कसा करू?"

आमच्या पुढं एक धिप्पाड माणूस होता, पाठीवर आधीचा वाघ. भिक्खूंनी मंत्र सुरू केला तसा तो गुरगुरला आणि हातापायांवर पुढं धावला. दोघा जणांनी त्याला धरून त्याचे कान चोळले. मग तो भानावर आला आणि तोंड पुसत, ओशाळून कोपऱ्यात जाऊन बसला. आपल्याकडं जत्रेत अंगात येतं तसंच.

"ॲक्टिंग हाय," दत्ता माझ्या कानात म्हणाला. मलाही तसंच वाटलं. पण त्यानंतर दत्ता काही पुढं सरकेना. "तू बस आधी. मी धरतो."

मी शर्ट काढून बसलो. मानेखाली नऊ शिखरांची आकृती काढणार होते. पहिल्यांदा येणाऱ्याला बहुतेक तीच देतात. दुखलं, पण सोसवेल इतकं. मी समोरच्या भिंतीवरची पाल बघत होतो. गोंदून झालं, भिक्खूंनी पाठीवर तळवा ठेवला, मंत्र म्हणायला लागले आणि शेवटी फुंकर मारली.

यापुढचं मला दिसलं तसं लिहितो.

मी चालत होतो. संध्याकाळ होती. समोर मेंढरांच्या पाठीच पाठी, वर धूळ, धुळीत पिवळं ऊन अडकलेलं. खांद्यावर घोंगडं, पायांत जड वहाणा. पुढं बाभळीखाली तीन दगडांची चूल पेटलेली, आणि चुलीपुढं एक बाई पाठमोरी बसलेली. डोक्यावर पदर. तोंड दिसत नव्हतं. मला त्या वेळी जगातलं दुसरं काहीही नको होतं. तिनं फक्त वळून बघावं, एवढंच. मला बायको आहे, पोरं आहेत, सगळं बरं चाललंय. पण कुणासाठी इतका जीव ओढ घेतो हे मला तोवर माहीतच नव्हतं. मी चालत होतो आणि अंतर काही केल्या कमी होत नव्हतं...

मग कुणीतरी माझे कान चोळत होतं. हॉल, पंखे, लोक. घसा सोलून निघाल्यासारखा दुखत होता आणि गाल ओले होते. दत्ता भिंतीला टेकून उभा होता. चेहरा पांढराफटक पडला होता.

लेकमार्फत मी भिक्खूंना विचारलं, हे काय झालं? त्यांनी चष्मा पुसला, दोन शब्द बोलले.

"बोल रहे, होता है. पानी पियो," लेक म्हणाली.

तेवढ्यात पुढचा माणूस बसलाही. दत्तानं गोंदून घेतलं नाही. म्हणाला, मला दुधी आवडतो. गाडीत त्यानं मला एवढंच सांगितलं, "तू वरडत होता. मेंढक्यावानी." मी म्हटलं, जाऊ दे, गावाकडं कुणाला सांगू नको. तुम्ही विचाराल, व्हिडिओ का काढला नाही. त्याचे दोन्ही हात माझ्या पाठीवर होते, म्हणून.

घरी आल्यावर मायनं पाठ बघितली. "एवढा खर्चा करून गेला आन् गोंदूनच आला व्हय," म्हणाली आणि हसली. विषय संपला.

पुढं काही दिवसांनी दत्ता अंबडला कामाला आला होता, तसाच आमच्याकडं आला. दुपारची वेळ. ओसरीवर चहा झाला. माय बाजूला तुरीच्या शेंगा सोलत बसली होती. दत्ताला टूरच्या गमती सांगायला जोर चढला आणि सांगू नको म्हटलेलं तो विसरला.

"काकू, तुमचं पोरगं तिथं मेंढरं राखून राह्यलं होतं, माहितंय का? असं बसलं होतं, आन् एकदम..." त्यानं तोंडाला हात लावून हाक मारून दाखवली. "हुर्र्या... हुर्र्या... चल गं काजळे, दिस बुडाला गंऽऽ... अशी. एकदा न्हाई, सारखी. धरलं तरी थांबंना."

माझी बायको हसली. मीही हसलो. काजळी हे नाव मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं.

मायच्या हातातली शेंग तशीच राहिली.

"काय म्हनला? फिरून म्हन."

दत्तानं परत हाक मारली, जरा बिचकत.

"आसा न्हाई. 'गं' लांबवला व्हता का, शेवटचा?"

दत्ता माझ्याकडं बघायला लागला. "हो काकू. लय लांब. रडल्यावानी."

"आन् आवाज? याचा व्हता?"

"न्हाई," दत्ता म्हणाला. आता तोही हसत नव्हता. "जाड होता. याच्या पाठीवर हात होते माहे, पाठ हलत होती, म्हणजे यातूनच येत होता. पर याचा न्हवता."

मायनं सूप बाजूला ठेवलं आणि उठून आत गेली. संध्याकाळपर्यंत बाहेर आली नाही. बायको दोनदा जाऊन बघून आली. म्हणाली, नुसत्या बसल्यात, भिंतीकडं तोंड करून.

दुसऱ्या दिवशी मी चुलत्याकडं गेलो. आबा म्हणतो मी त्यांना. विचारलं, आबा, आपल्या कळपात काजळी नावाची मेंढी होती का?

आबांनीच उलट विचारलं, "तुला कुनी सांगितलं?" मग म्हणाले, "भाऊ रोज हाक मारायचा तिला. तळावर येताना, दिस बुडायच्या टायमाला. पर खरं सांगू का, कोनती मेंढी ती, मला कधी कळलंच न्हाई. मी समदी मेंढरं वळखायचो. विचारलं की हासायचा नुसता."

घरी येऊन मायला आबांचं बोलणं सांगितलं. ती अंगणात बाजेवर बसली होती. तिनं पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं.

"मेंढी न्हवतीच तशी," ती म्हणाली. "तळावर सासू, सासरा, दीर. बायकोला हाक मारायची सोय न्हवती तवा. मी डोळ्यात काजळ घालायचे. मंग त्येंनी हे काढलं. समद्यांला वाटायचं, मेंढीलाच बोलवून राह्यले. मला बराबर कळायचं... आले म्हनून. मंग मी पयली भाकर टाकायचे."

मी मग तिला सांगितलं मला काय दिसलं ते. धूळ, बाभूळ, चूल, पाठमोरी बाई. हे मी तोवर बायकोलाही सांगितलं नव्हतं.  शेवटी मायनं विचारलं, "मी मागं वळले का?"

"नाही. त्याच्या आधीच मला उठवलं."

"मी वळतच नसायचे लगेच," माय म्हणाली. "ऐकू यायचं, तरी. मुद्दाम. त्येंनी आजून एकदा हाक मारावी म्हनून."



मी खूप डोकं लावलं. मेंढक्यांच्या हाका मी लहानपणी ऐकल्यात, ते नाकारत नाही. पण ते नाव? माय म्हणते, वडील गेल्यापासून तिनं ते तोंडातून काढलेलं नाही, झोपेतसुद्धा. ओळखीच्या एका डॉक्टरांनी सांगितलं की बाळ पोटातही ऐकतं. पण वडील गेले तेव्हा मी जेमतेम तिसऱ्या-चौथ्या महिन्यात होतो. आणि समजा ऐकलं... ती पाठमोरी बाई मी कुठून बघितली? घरी मी ती हाक मारून बघितली, एकट्यानं, शेतात जाऊन. माझ्याच आवाजात निघते. मायसमोर एकदा मारली, तर तिनं मान हलवली आणि "ऱ्हाऊ दे" म्हणाली. दत्ताकडं मी अजूनही नवं काही आठवतं का म्हणून विचारतो. त्याला जेवढं सांगायचं होतं तेवढं त्यानं सांगितलंय.

याचं स्पष्टीकरण माझ्याकडं नाही. कुणाकडं असेल तर जरूर लिहा, मी चिडणार नाही.

एक सांगायचं राहिलं. मायनं पासपोर्ट काढायला लावला. मेंढरं विकल्यापासून तालुक्याच्या पलीकडं फारशी न गेलेली बाई, फोटो काढताना डोळे मिटत होती. तो पासपोर्ट परवा आलाय. मी तिला समजावलं की माय, तिथं गेल्यावर तसंच काही होईल असं नाही, बहुतेक काहीच होणार नाही, आपण नुसतं देऊळ बघून येऊ.

"न्हाई झालं तर न्हाई झालं," ती म्हणाली. "तू बस त्या बाबापुढं. मी तुह्या म्होरं बसते, पाठ करून. पर या खेपंला पयल्याच हाकंला वळते."