गंज कुठे होता

जी गोष्ट बायकोलाही कधी सांगितली नाही ती आधी सांगून टाकतो. देवळातला पितळेचा मोठा गंज, ज्यात महाप्रसादाचं वरण शिजतं, तो कुणी विकला नव्हता. तो माझ्या बहिणीच्या लग्नात होता. ज्यांच्यावर विकल्याचा आळ आला, ते आमच्या गावचे कारभारी. वाशीम जिल्ह्यात काय, अख्ख्या वऱ्हाडात त्यांच्याइतका चिडका दानशूर झालेला नाही. आणि मला आजही त्यांचा संताप येतो.

देवीच्या देवळाचा कारभार त्यांच्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या. कमरेला किल्ल्यांचा जुडगा आणि ओठावर ‘भैताड’, म्हणजे वेडपट. हाच त्यांचा आशीर्वाद. मागणाऱ्यावर जेवढे ओरडतील तेवढं त्याच्या पदरात पडणार, हे गावातलं शेंबडं पोरही जाणून होतं. एका म्हातारीनं चष्मा मागितला, तर वाशीमला नेताना एसटीत तिला रस्ताभर झापलं, की इतके दिवस आंधळ्यावानी काहून फिरून राह्यली. ऐकता ऐकता म्हातारी झोपी गेली आणि राग शिल्लक उरला, तो डॉक्टरवर काढला. देवीसुद्धा सुटली नव्हती. गावात तापाची साथ आली तेव्हा गाभाऱ्यात जाऊन आधी "झोपली काय वं तू?" विचारलं आणि मग आरती केली. कुणी एकानं देवळाला पंखा दिला, तिन्ही पात्यांवर आपल्या आजोबांचं नाव रंगवून. कारभाऱ्यांनी बटण दाबलं आणि त्याला म्हणाले, "वाच आता."

धोका असायचा तो ते गोड बोलले की. देवळाच्या जमिनीवर डोळा ठेवून एक ठेकेदार आला होता. त्याला "या साहेब, बसा, चहा घ्या" झालं, पोहे झाले. गडी खुशीत गाडीत बसला, तेव्हा पारावरची माणसं त्याच्याकडे मयताला आल्यासारखी बघत होती. त्याला ढेकूळही मिळालं नाही.

मी बौद्धांच्या वस्तीतला. घरात अभ्यासाला जागा नाही, म्हणून दहावीला त्यांनी मला धर्मशाळेतली खोली दिली. "नापास झाला त हा दिवा तुह्या डोक्यात फोडीन," असं बजावून. पास झालो, तर पेढा तोंडात कोंबून गणिताच्या मार्कांवरून चारचौघांत धुतलं. पुढे गावातल्याच शाळेत मास्तर म्हणून लागलो, तरी भैताडच.

बहिणीच्या लग्नाच्या आदल्या दिवशी भाड्याच्या भांड्यांचा टेम्पो फिरकलाच नाही. मी देवळात धावलो. गंज आवाराबाहेर जात नाही असा रिवाज होता. आमच्या वस्तीत तर नाहीच नाही, हे कुणी बोलत नसे आणि सगळ्यांना ठाऊक असे. कारभारी इतके भडकले, की मी समजलो, गंज मिळाला. "भैताडा, बहीण तुही एकट्याचीच हाय काय? काल काहून नाही बोल्ला?" आणि गंजावर कडबा टाकून, स्वतः ट्रॅक्टर हाकत तो आमच्या दारात आणून दिला.

लग्न थाटात झालं. कुणी विचारलं तर गंज भाड्याचा, असं मी ठोकून दिलं. गंज चुलवणावरून उतरवताना मात्र त्याची कडी तुटली. मी तो कारंज्याला कासाराकडे टाकला, आणि नेमकी तेवढ्यात सभामंडपात बैठक बसली. गंज कुठाय? कुणी म्हणालं, विकला असेल. ज्या माणसानं उभ्या जन्मात एक वाक्य हळू उच्चारलं नव्हतं, तो शांतपणे म्हणाला, "मी देल्ला. कोनाले, ते नाही सांगत."

मी तिथेच खांबाला टेकून होतो. त्यांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. नाव निघालं तर वस्तीवर राग धरतील, हे कारण मी वर्षानुवर्षं स्वतःला देत आलो. खरं कारण बारकं आहे. त्याच मंडपात नुकताच माझा शाल-नारळ देऊन सत्कार झाला होता, आणि ती शाल मला सोडवत नव्हती. कारभाऱ्यांनी कमरेचा जुडगा सोडला, देवीच्या पायरीवर ठेवला आणि घरी गेले. पुढे दुरुस्त गंज मी गुपचूप त्यांच्या ओसरीवर नेऊन ठेवला, तर लोक म्हणाले, भंगारातून परत आणला.

माझा संताप हा आहे. चष्म्यासाठी ओरडलात, पंख्यावरून सुनावलंत, देवीलाही सोडलं नाहीत. आणि जिथे "हा भैताड बसला हाय, याले विचारा" एवढंच म्हणायचं होतं, तिथे तोंड शिवून बसलात? कुणी सांगितला होता हा मोठेपणा? तुम्ही एकदा ओरडला असता, तर मी सुटलो असतो.

परवा त्यांच्याकडे गेलो. आता फार थकलेत. बोलता बोलता हात अजून कमरेशी जातो, जुडगा चाचपायला. मला पाहून खाटेवरून उठू लागले.

"या मास्तर," म्हणाले, "बसा. चहा घ्या."

मी बसलो. चहा घेतला. भांडणासारखं काहीतरी त्यांच्या तोंडून निघेल म्हणून बराच वेळ बसून राहिलो. ते पावसापाण्याचं विचारत होते, पोरांचं विचारत होते, अहो-जाहो करत होते.

त्याच सभामंडपात, त्याच माणसांसमोर, ते हयात आहेत तोवर, मी त्यांचं एक वाक्य देणं लागतो: गंज माझ्याकडे होता.