सातव्या थांब्यावरचं शटर

मामाने त्या पाहुण्याच्या तोंडावर लोखंडी आकडा हाणला, तेव्हा पाहुण्याच्या कानात माझाच आवाज चालू होता. हे मी कौतुकाने सांगत नाही. त्याचे दोन दात फुटपाथवर पडले, हेडफोन गटाराच्या कडेला उडाला आणि तिथूनही मी बारीक आवाजात बोलतच राहिले, "आता रस्ता ओलांडून आठव्या थांब्याकडे चला."

मामा कोणाचाच सख्खा मामा नव्हता. आमच्या गल्लीत त्याचं शटर दुरुस्तीचं दुकान होतं. साठीला टेकलेला, आडव्या बांध्याचा, डाव्या हाताची दोन बोटं एका सुटलेल्या स्प्रिंगने कधीच नेलेली. कोणाचं शटर अडलं की मामाला हाक जायची. तो पट्ट्यांना कान लावायचा, दोन ठिकाणी ठोकायचा, एक सणसणीत शिवी हासडायचा आणि शटर मुकाट्याने वर जायचं. शिवी शटरला असते की मालकाला, हे विचारायची कोणाची छाती नव्हती. त्याच्या हाताचा गल्लीला धाक होता. एका गिऱ्हाइकाने कामात खोट काढली म्हणून मामाने त्याला त्याच्याच दुकानात कोंडून शटरला बाहेरून कुलूप घातलं होतं आणि स्वतः जेवायला गेला होता.

दुकानात त्याच्यासोबत असायची त्याची आई. ऐंशीची, चिमुकली, पण जिभेने धारदार. तिचं काम एकच. रोज सकाळी तेलाची बुधली घेऊन ती दुकानाच्या शटरच्या दोन्ही खाचांत तेल सोडायची. आठवड्यातून एकदा पुरतं, ही रोज घालायची, कधीकधी संध्याकाळी पुन्हा. तेल ओघळून उंबऱ्यापर्यंत यायचं, लोकांचे बूट माखायचे. "आजी, शटर तळून काढताय का?" म्हणून आम्ही हसायचो. ती म्हणायची, "तुमच्या बापाचं तेल आहे का?" आणि आणखी दोन थेंब सोडायची.

आता माझ्याविषयी. आमची वस्ती पूर्वी गोदामांची होती. माल उतरवणाऱ्यांच्या दोन टोळ्या होत्या आणि दिवसाढवळ्या सळया चालायच्या. पुढे टोळ्या संपल्या, गोदामं ओस पडली आणि जागा स्वस्त म्हणून चित्रं काढणारे, वाद्यं वाजवणारे, जुने कपडे विकणारे आणि आपण नेमकं काय करतो हे आईबापांनाही सांगता न येणारे माझ्यासारखे लोक राहायला आले. भिंती रंगल्या. रंगलेल्या भिंती बघायला परगावचे लोक येऊ लागले. त्यांच्यासाठी मी ऐकायची सहल तयार केली. फोनवर घ्यायची, हेडफोन लावायचा, भिंतीवरचे क्रमांक शोधत आपलं आपण फिरायचं. सोबत माझा आवाज. अकरा थांबे होते आणि सातवा थांबा म्हणजे मामाचं शटर.

कामाला मामा आता शेजारच्या गाळ्यात बसायचा; हे जुनं शटर सकाळी तेल घालण्यापुरतं वर जायचं आणि मग दिवसभर खालीच असायचं. त्यावर चार खळगे होते. एक छातीच्या उंचीवर, बाकीचे खाली खाली, शेवटचा गुडघ्याशी. दुसऱ्यांची शटरं आरशासारखी करून देणारा मामा आपलं शटर बदलत नव्हता, ठोकून सरळही करत नव्हता. कोणी रंगवू का म्हटलं तर हातोडी उगारायचा. नाक्यावरच्या चित्रांच्या दुकानदाराने मला छातीठोकपणे सांगितलं, की एका शिल्पकाराने ते मुद्दाम हातोडीने उमटवलेत, झोपलेल्या माणसांच्या उशा आहेत त्या. मला ते इतकं आवडलं की खरंखोटं करायची तसदीच घेतली नाही. मामा तीन पावलांवर बसलेला होता. त्याला मी विचारलं ते भलतंच.

"मामा, दहा मिनिटं ठोकाठोक बंद ठेवाल का? मला रेकॉर्डिंग करायचंय."

"कशाचं?"

"आपल्या गल्लीचं."

"बरं," म्हणाला आणि हातोडी मांडीवर ठेवून चक्क दहा मिनिटं गप्प बसला. त्याच्याच दाराची गोष्ट सांगायला मी त्यालाच गप्प बसवलं. त्या वेळी कोणी माझ्या कानफटात लगावली असती तर बरं झालं असतं.

सातव्या थांब्यावर मी म्हणत होते, "पुढे व्हा. खाली वाका. तळहात खळग्यात ठेवा. शिल्पकार इतके दिवस ठोकत होता, की शटर राहिलं बाजूला, शेजाऱ्यांचीच डोकी फुटायची वेळ आली होती." इथे लोक हसावेत म्हणून मी मुद्दाम जरा थांबले होते आणि लोक हसायचेही. वाकायचे, हात ठेवायचे, हसायचे आणि मग शेजारच्या दुकानात बसलेल्या मामाकडे बघायचे. मामा मान खाली घालायचा. सहल सुरू झाल्यापासून त्याने आईची खुर्ची दारातून उचलून आत नेली होती. मी समोरच्या माझ्या दुसऱ्या मजल्यावरच्या खोलीतून हे रोज बघत होते. मला वाटायचं, म्हातारा लाजतो.

आठ महिन्यांनी तो पाहुणा आला. चांगला धिप्पाड, सोबत बायको. त्याने तळहात ठेवला, मग फोटोसाठी गुडघे टेकून कपाळच खळग्यात घातलं आणि माझ्या विनोदावर खदाखदा हसला. बायको फोटो काढत होती. मामा शटर ओढायचा आकडा घेऊन बाहेर आला. पहिला घाव तोंडावर. दुसऱ्याने खांद्याचं हाड मोडलं, तो आवाज मला वरपर्यंत ऐकू आला. मी जिना उतरून धावले तोवर मामाने त्याचे केस मुठीत धरले होते आणि त्याचं डोकं शटरपासून वीतभर अंतरावर आणलं होतं. बायको किंचाळत होती. "हस," मामा म्हणत होता. "हस ना आता."

आतून आईने ओरडून विचारलं, "काय चाललंय रे?"

तो आवाज ऐकला आणि मामाची मूठ सुटली. रक्ताने माखलेला आकडा मांडीवर घेऊन तो जमिनीवर बसला आणि पोलीस येईपर्यंत तसाच बसून राहिला.

सातवा थांबा मी त्याच संध्याकाळी काढून टाकला. का मारलं ते मला कळलं नव्हतं, पण माझ्या आवाजाशी त्याचा संबंध आहे एवढी अक्कल आली होती. पाहुणा दवाखान्यातून घरी गेला, खटला उभा राहिला, मामा तीन दिवसांनी जामिनावर सुटला आणि सुटल्यावर घरी न जाता आधी माझा जिना चढून वर आला. मी दार उघडलं आणि माझी पाचावर धारण बसली.

"ए रेडिओ," तो म्हणाला. हे त्याने मला दिलेलं नाव. "काय सांगतेस गं तू त्यांना?"

मी हेडफोन दिला. तो खुर्चीच्या कडेला बसला आणि सातवा थांबा पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकला. विनोदाच्या जागी त्याने डोळे मिटले. मग हेडफोन काढून टेबलावर ठेवला.

"उशा?" तो म्हणाला.

"मला तसं सांगितलं कोणीतरी. चुकलं माझं, मामा."

"म्हणजे कोणालाच ठाऊक नाही?"

"काय?"

त्याने आपल्या तीन बोटांच्या पंजाकडे बघितलं. मग हसला, पण ते हसू बघवत नव्हतं. "चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हे. मला वाटलं, तू सगळं शोधून काढलंस. रोज वीस माणसं येतात, खळग्यात हात घालतात आणि माझ्याकडे बघतात. मला वाटलं, साऱ्या जगाला सांगतेस. आठ महिने वाट बघत होतो, ह्यांतला कोणीतरी आईला सांगून टाकील. आता सांगतील, मग सांगतील. भ्यायचोही त्यालाच आणि एकदाचं सांगा असंही वाटायचं. मग तो हलकट हसला."

"काय सांगायचं होतं, मामा?"

"तुझं यंत्र चालू कर," तो म्हणाला. "तोंडावर सांगायला मला नाही जमायचं. बावीस वर्षं नाही जमलं."

मी यंत्र चालू केलं. त्याने जे सांगितलं ते त्याच्याच शब्दांत देते. त्यात माझं काहीही घालायची माझी लायकी नाही.

"माझा धाकटा भाऊ टोळीत होता. त्याने समोरच्या टोळीतल्या एकाचा गुडघा सळईने फोडला. दुसऱ्या दिवशी दुपारी ते आले. गल्लीतल्या सगळ्यांनी पटापटा शटरं ओढली. माझं अर्धं खाली होतं, मी ताटावर बसणार होतो. आई मागच्या खोलीत. धाकटा धावत आला. नुसता वाकला असता तरी आत आला असता. मी शटर ओढलं. कुलूप घालायला वेळ नव्हता म्हणून खालच्या पट्टीवर दोन्ही पाय देऊन उभा राहिलो. तो म्हणाला, 'दादा, वर कर.' दोनदा म्हणाला. मग त्यांनी त्याचं डोकं धरून शटरवर आपटलं. पहिला ठोका मला इथे, छातीला लागला. मग तो बसत गेला तसे ठोके खाली येत गेले. शेवटचा माझ्या गुडघ्याला लागला. पट्टी पायाखाली हादरत होती, मी पाय काढला नाही. आई बाहेर आली, म्हणाली, 'उघडत का नाहीस?' मी म्हटलं, 'अडकलंय.'"

मला वाटलं संपलं.

"आईला वाचवायला केलं असं म्हणता येईल. ती आत होतीच. पण ते खोटं. पाय भीतीने दिला होता. तेही राहू दे त्यात."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही दोघं दुकानात गेलो. आई नुकतीच तेल घालून बसली होती, बुधली मांडीवर, जुनं शटर अजून वरच होतं. मामाने तिच्या कानांवर हेडफोन बसवला. त्याची पट्टी तिच्या अंबाड्यात अशी अडकवली, की तिने "नीट घाल, केस ओढतोस" म्हणून त्याला झापलं. मी बटण दाबलं. मामा तिच्यासमोर उभा राहिला, शाळेत मार खायला उभं राहतात तसा.

ती ऐकत होती. चेहऱ्यावरची सुरकुती हलली नाही. मधेच एकदा तिने शटरच्या खाचेकडे बघितलं, वरून खाली, हळूहळू. संपल्यावर हेडफोन काढून तिने माझ्या हातात दिला आणि उठून कोपऱ्यातला तसलाच दुसरा आकडा घेतला.

पहिला घाव मामाच्या खांद्यावर बसला. म्हातारीच्या हातात एवढा जोर असेल असं मला वाटलं नव्हतं. दुसऱ्याने कान फाटला, रक्त मानेवरून सदऱ्यात गेलं. मी मधे पडायला गेले. "थांब, रेडिओ," मामा म्हणाला आणि हात खालीच ठेवले. तिसरा, चौथा. पाचवा उगारला तेव्हा तिला धाप लागली.

"बावीस वर्षं," ती म्हणाली. "बावीस वर्षं मी तेल घालतेय रे भाड्या. त्या आठवड्यात मी कंटाळा केला होता, घातलं नव्हतं. तू म्हणालास अडकलंय. मला वाटलं, माझ्या कंटाळ्याने पोरगं गेलं. रोज वाटलं. रोज."

मामा मटकन खाली बसला. मार खाताना तो रडला नव्हता, आता हंबरडा फोडला. तेल कशासाठी, हा प्रश्न गल्लीत कोणालाच पडला नव्हता, त्यालाही नाही. आम्ही सगळे हसत होतो. माझं तर कामच होतं लोकांना खळगे बघायला लावायचं, आणि मी तेलाकडे बघितलं नाही.

"ऊठ," ती म्हणाली. "आत उभा राहा आणि शटर ओढ."

"आई..."

"ओढ म्हणते ना."

ती बाहेर गेली. मामाने शटर ओढलं. मी तिच्यासोबत बाहेर राहिले. फुटपाथवर चारजण थांबून बघत होते, त्यांना मी हाकलून दिलं. ती शटरला पाठ लावून जमिनीवर बसली, तिचं डोकं गुडघ्याजवळच्या खळग्यापाशी आलं. मग आकडा उलटा धरून तिने शटरवर ठोकायला सुरुवात केली. लहान मूल घंटा बडवतं तशी ती बडवत होती, पत्रा घुमत होता, समोरच्या दुकानातली माणसं दारात आली. कितीतरी वेळ ती ठोकत राहिली. मग थांबली आणि म्हणाली, "दादा, वर कर."

तिने आणखी एकदा ठोकलं.

"दादा, वर कर."

शटर वर गेलं. एका ओढीत, जराही न कुरकुरता, पार वरपर्यंत. आत मामा उभा होता, मान आणि सदरा रक्ताने भिजलेला, एक हात अजून वर. आईने बसल्या जागेवरून मान मागे करून वर गुंडाळलेल्या शटरकडे बघितलं.

"केवढं हलकं होतं रे," ती म्हणाली.

मग तिने त्याच्यापुढे हात केला. तिला एकटीला उठता येत नव्हतं.