घरी पोहोचले

छोट्या कॉलेजांच्या राष्ट्रीय बेसबॉल स्पर्धेचा अंतिम सामना शेवटच्या डावात बरोबरीत होता, आणि आमची वैशाली तिसऱ्या बेसवरून धावत सुटली होती. मी मराठी शिकवते; मुलींसोबत एखादी बाई हवी म्हणून मला पाठवलेलं.

या खेळात जिथून निघायचं तिथेच परत यायचं असतं; आलं की एक धाव. त्या जागेला होम म्हणतात. आमच्या मुली सरळ ‘घर’ म्हणतात. वैशाली मूळची क्रिकेटवाली. घर जवळ येताच तिने सवयीने हात लांब केला, हातात बॅट असल्यासारखा, आणि धुळीत आडवी झाली. तो रिकामा हातच आधी घराला टेकला. अंपायरने दोन्ही हात पसरले. “सेफ.”

मला आधी फक्त तो शब्द ऐकू आला. आपण जिंकलो, हे नंतर समजलं. मुलगी बाहेर पडली की आपण याच एका शब्दाची वाट बघत बसतो, पण तो इतका स्वच्छ, हात पसरून कोणी सांगत नाही.

वैशालीने माझ्या फोनवरून आईला कळवलं, “आई, मी घरी पोहोचले.”

“थांब हं,” आई म्हणाली, “कडी काढते.”