जहागीर कॅलिफोर्नियात, तण लेस्टरात

इंग्लंडातल्या लेस्टरच्या हॉस्पिटलात रघुवीररावांनी जन्मभर लोकांचे एक्स-रे काढले. दुसऱ्याच्या आतलं बघायची खोड लागली ती लागलीच. रिटायर झाले, तिकडे लेकीनं, ऋजुतानं, कॅलिफोर्नियात घर घेतलं, आणि हे बसले त्या घराखालच्या जमिनीचा एक्स-रे काढत.

"अगं लीला, ऋजुताचं किचन आहे ना, तिथे पूर्वी गुरं चरायची!"

"अजून चरतात," लीलावती म्हणाल्या. "जावईबापू उभ्या उभ्या फ्रीज रिकामा करतात."

जमीन तेव्हा मेक्सिकोची. गव्हर्नरानं ती इग्नासिओ नावाच्या म्हाताऱ्या शिपायाला इनाम दिली. नकाशा कसला, तर एक ओढा, एक टेकडी, एक ओकचं झाड, झालं. घोडेस्वारांनी चामड्याचा दोर ताणून हद्द मोजली. मग इनामदारानं गवत उपटायचं, चारी दिशांना दगड फेकायचे, की जमीन त्याची. अट एवढीच, की वर्षाच्या आत घर बांधून राहायचं. नाहीतर कुणीही उठून म्हणावं, पडीक आहे, मला द्या.

इग्नासिओ राहिला. गुरं वाढली, पोरं वाढली. मग अमेरिकन आले, म्हणाले, हक्क सिद्ध कर. दाखवायला जावं तर ओढ्यानं वाट बदललेली आणि ओक कुणी तोडून नेलेला. निकाल त्याच्या बाजूनं लागला खरा, पण तोवर अर्धी जहागीर वकिलाच्या घशात. उरलेली पोरांनी विकली. तिथे जर्दाळूच्या बागा झाल्या, मग घरं.

हे सगळं रघुवीरराव भेटेल त्याला सांगत. मंडळाच्या कोजागिरीला सांगायला बसले, तर मसाला दुधावर साय धरली तरी इग्नासिओ कोर्टातच!

अशात कौन्सिलकडून त्यांना भाजी लावायला वाफा मिळाला. इथे त्याला अलॉटमेंट म्हणतात. रांगेत थांबून थांबून माणसं म्हातारी होतात, तेव्हा कुठे मिळतो. लीलावतींना केवढा हुरूप! घरामागे सगळी फरशी, त्यामुळे हातानं लावलेली मेथी खुडायची हौस राहूनच गेलेली. बियाणं आणून ठेवलं. पण रघुवीरराव म्हणाले, "पितृपक्ष आहे. आत्ता कुदळ मारायची नाही." पितृपक्ष संपला, पाऊस लागला. पाऊस थांबला, जमीन गोठली. शेवटी पाडव्याचा मुहूर्त धरला. नारळ फोडला, मूठभर गवत उपटलं, आणि इग्नासिओसारखे चारी दिशांना खडे फेकले. त्यातला एक शेजारच्या कीथच्या काचघरावर. खळ्ळकन!

कीथनं आधी काच बघितली, मग नारळ, मग यांच्या वाफ्यातलं गुडघाभर गवत. "मेट, तू इथे पेरतोस तरी काय?"

काच नवी बसवून दिली, पण बोभाटा वाफ्यांच्या समितीच्या मार्गारेटबाईंपर्यंत गेला. नियम सरळ होता, कसेल त्याचा वाफा. बाई बघायला येणार, आणि पडीक दिसला तर वाफा गेला. लीलावतींनी बियाण्याची पुडी पर्समध्ये टाकून ठेवली. रघुवीरराव मात्र भाषण बसवत होते.

"बाईंना मी आधी इतिहास समजावतो."

"अहो, तुमच्या इग्नासिओनं घर तरी बांधलं. तुम्ही काय बांधलंत? इमले, तेही हवेत."

मार्गारेटबाई आल्या. रघुवीररावांनी वाफ्याचे आधीचे धनी सांगितले. आधी लीकची भाजी पिकवणारा रेल्वेवाला, मग त्याची डेलियावाली विधवा, मग कुणी गुजराती भाई. बाईंनी मन लावून ऐकलं.

"लव्हली. आणि तुम्ही काय लावलंत?"

रघुवीररावांनी मान वळवली. शेजारी लीलावती पर्स घट्ट धरून उभ्या होत्या. पर्समध्ये मेथीची पुडी होती, हे रघुवीररावांना ठाऊक होतं.

"काही नाही," ते म्हणाले. "चूक माझी आहे. हिला मीच अडवून ठेवलं. माझं नाव काढा, पण वाफा हिला द्या."

बाईंनी अर्धा वाफा रांगेतल्या पुढच्या माणसाला दिला. अर्धा लीलावतींच्या नावावर केला, उन्हाळाअखेर पुन्हा बघायच्या बोलीवर. घरात फावडं नव्हतंच, ते कीथनं दिलं, वर हसलाही.

लीलावती उलट्या बादलीवर ऐसपैस बसल्या.

"अहो, वरवर नको. मुळं निघाली पाहिजेत."

"निघतायत हो, बाईसाहेब," रघुवीरराव धापा टाकत म्हणाले आणि पुन्हा वाकले.