लाल दिव्यावरची टेप

त्याला सगळे हरकाम्या म्हणायचे, आणि ते कौतुकच होतं बरं का! तीस वर्षांत या कॅमेरामननं भुताचे सिनेमे केले, कोळ्यांवर माहितीपट केला, एका सिनेमात तर नुसत्या कोंबड्याच होत्या. बडे बॅनर सोडून सगळीकडे राबला. रुळांवरची ट्रॉली परवडत नाही? आणा व्हीलचेअर! दिवे कमी पडले? ताणा पांढरी चादर! याचं कधी अडलं नाही.

या खेपेला एका नवख्या दिग्दर्शिकेचा पहिलाच सिनेमा होता. शेवटचा प्रसंग साधा: कित्येक वर्षांनी आलेल्या मुलाकडे म्हातारी नुसती बघते. पण म्हातारीचं काम करणारी नटी ऐनवेळी आजारी पडली, आणि चित्रणाला घर एकाच दिवसापुरतं मिळालेलं. दुसऱ्या दिवशी ते पाडणार होते. हरकाम्यानं सरळ एकट्या राहणाऱ्या आपल्या आईला आणून खुर्चीत बसवलं.

आईचं काय सांगावं! एरवी तोंडाचा पट्टा चालू, आणि 'ॲक्शन' म्हटलं की ओंडका. शिवाय चित्रण चालू असताना पेटणाऱ्या कॅमेऱ्याच्या लाल दिव्याकडेच टक लावून बघायची. वैतागून त्यानं दिव्यावर काळी टेप चिकटवली. मग कधीतरी बटण एकदा जादा दाबलं गेलं, ते कळणार कसं? तिथून पुढे तो चालू करायचा तेव्हा कॅमेरा बंद व्हायचा, आणि बंद करायचा तेव्हा चालू.

दुसऱ्या दिवशी तो आणि दिग्दर्शिका चित्रण बघायला बसले. अकरा टेक, आणि हाती एकही नाही!

"दादा, बुडाला हो माझा सिनेमा," दिग्दर्शिका रडवेली झाली.

"माती खाल्ली मी," तो म्हणाला. मेल्याहून मेल्यासारखं झालं त्याला.

पडद्यावर मधल्या वेळातली आई होती. तो कॅमेऱ्यामागे वाकून स्क्रू पिळत असणार, आणि ती त्याच्याकडे बघत होती. बराच वेळ बघत होती. मग पुटपुटली, "किती थकलास रे बाळा." कामाच्या नादात हे त्याला ऐकूच गेलं नव्हतं.

"दादा," दिग्दर्शिका हळूच म्हणाली, "हाच शेवट."

त्यानं आईला फोन लावला.

"बिघडवलं ना मी?" आईनं आधीच विचारलं. "परत करू या, आता बघ कशी करते!"

"नको गं," तो म्हणाला. "मी आजच घरी येतो."