पिन डोळ्यांसमोर

स्वयंपाकघरातले कचरा दळणारे यंत्र साफ करायला घेण्यापूर्वी गयाबाई भिंतीतली पिन उपसून ओट्यावर, स्वतःच्या डोळ्यांसमोर ठेवत. नुसत्या बटणावर त्यांचा विश्वास नसे. "मशीन गप हाय म्हंजी मेलं न्हाई," असे त्या बजावत. राणीसावरगावच्या या बाईंनी गंगाखेडला आमच्या घरी नऊ वर्षे स्वयंपाक केला. माझ्या मुलाने सिंकखाली हे यंत्र बसवले, तेव्हा सोबतच्या इंग्रजी पुस्तिकेतले एक अक्षरही त्यांना वाचता येत नव्हते.

मी न्यायालयातून निवृत्त झालेला कारकून. पुस्तिका मी कलमवार वाचली होती. तरीही एका दुपारी शेवग्याच्या शेंगांचा चोथा मीच सिंकमध्ये लोटला. यंत्र घरघरून अडकले आणि त्याच क्षणी वीज गेली. मी बाही सरसावून आत हात घातला.

"साहेब, हात काढा!"

"वीजच नाही, तर धोका कसला?" मी खवळलो. माझ्याच घरात मला हुकूम!

गयाबाईंनी आधी पिन उपसली, मग बोलल्या. "लाईट गेली, बटन चालूच हाय. कोर्टात जलम गेला तुमचा. तारीख कवा पडंल ते सांगता येतं व्हय? लाईटचं बी तसंच."

प्रत्युत्तर ओठांवर होते, तोच डोक्यावरचा पंखा फिरू लागला. माझी बोटे अजून यंत्रातच होती. पिन गयाबाईंच्या मुठीत.

मी हात काढला. त्यांनी सांडशी पुढे केली. "आता उपसा. तुमीच घातलंय." चोथा निघाल्यावर त्यांनी सफाईसाठी आत बर्फ, जाडे मीठ आणि लिंबाची साल टाकली, थंड पाण्याची धार सोडली आणि मगच पिन लावली.

त्याच संध्याकाळी मी कंपनीला पत्र लिहिले: गेलेली वीज परत येते, याविषयी पुस्तिकेत अवाक्षर नाही, जे आहे तेही मराठीत नाही, हा ग्राहकाच्या जिवाशी खेळ आहे. मसुदा गयाबाईंना वाचून दाखवला. 'यंत्र बंद करावे' या शब्दांवर त्यांनी मला अडवले. "तसं नका लिवू. बंद तर तुमी बी समजला होता. पिन उपसून डोळ्याम्होरं ठिवावी, आसं लिवा."

कोर्टातल्या साहेबांखेरीज माझ्या मसुद्यात कोणी खाडाखोड केली नव्हती. मी ते वाक्य खोडले, त्यांचे घातले आणि खाली लिहिले: 'सूचना गयाबाईंची, मुक्काम राणीसावरगाव'.

गयाबाई आता लेकीकडे सेलूला असतात. कंपनीची नवी मराठी पुस्तिका आली. तीत वाक्य आहे, नाव नाही. त्या नावासाठी माझे चौथे पत्र आज टपालात पडत आहे. हाताची पाचही बोटे शाबूत आहेत, पाचवेही लिहीन.